टेस्ट फेल झाली की ती काय सांगते? वाचता येतील अशी असर्शन्स कशी लिहायची

सीआयवर (कोड आपोआप बिल्ड करून तपासणाऱ्या सर्व्हरवर) बिल्ड लाल झालाय. तुम्ही लॉग उघडता, स्क्रोल करत खाली जाता आणि हाती लागते एकच ओळ: ‘एक्स्पेक्टेड ट्रू, बट वॉज फॉल्स’. काय ट्रू असायला हवं होतं? कुठली यादी, कुठला आकडा, कुठला ऑब्जेक्ट? त्याबद्दल एक अक्षर नाही. मग ब्रांच आपल्या मशीनवर घ्या, टेस्ट पुन्हा चालवा, ब्रेकपॉइंट टाका आणि व्हॅल्यू स्वतःच्या डोळ्यांनी बघा. जी माहिती त्या ओळीतच असायला हवी होती, ती मिळवण्यात अर्धा तास जातो.

असर्शन, म्हणजे टेस्टमधली ‘अमुक असायलाच हवं’ असं तपासणारी ओळ, दोनदा वाचलं जातं. एकदा कोड रिव्ह्यूमध्ये आणि एकदा टेस्ट फेल झाल्यावर. पहिल्या वाचनाची काळजी सगळेच घेतात, दुसऱ्याची फार थोडे. माझ्या लेखी दुसरं वाचन जास्त महत्त्वाचं आहे, कारण तेव्हा वाचणारा माणूस घाईत असतो आणि बहुतेक वेळा ती टेस्ट त्याने लिहिलेली नसते. लायब्ररी निवडण्यापासून स्वतःचं असर्शन लिहिण्यापर्यंत पुढच्या प्रत्येक पायरीला मी हीच कसोटी लावली आहे.

एक खुलासा आधीच करतो. मेथडची नावं इथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहिली आहेत. एडिटरमध्ये ती अर्थातच त्या त्या लायब्ररीच्या स्पेलिंगने लिहायची. उदाहरणं मुख्यतः जाव्हातली आहेत, पण इतर भाषांत जिथे वेगळा खड्डा आहे तिथे थांबलो आहे.

पायरी पहिली: हातातली टेस्ट मुद्दाम मोडा

नवी लायब्ररी आणण्याआधी हे करा. प्रोजेक्टमधली एखादी पास होणारी टेस्ट घ्या, ती ज्या कोडची परीक्षा घेते त्यात मुद्दाम चूक करा, टेस्ट चालवा आणि फक्त मेसेज वाचा. कोडकडे बघू नका. मेसेजवरून काय बिघडलं ते कळलं का?

समजा, मुदत उलटून गेलेली कामं शोधणारी एक मेथड आहे आणि तिच्याकडून तीन कामं यायला हवीत. जेयुनिट या जाव्हाच्या टेस्ट लायब्ररीत आपण सहज लिहून जातो:

असर्टइक्वल्स(३, उशिराचीकामं.साइझ())

चूक केल्यावर मेसेज येतो: ‘एक्स्पेक्टेड ३, बट वॉज २’. म्हणजे एक काम कमी आलं. पण कुठलं? यादी तर टेस्टच्या हातात होती! आपणच तिच्यातला फक्त आकडा काढून असर्शनला दिला आणि बाकीचं फेकून दिलं. आता हेच असर्टजे ही जाव्हाची असर्शन लायब्ररी वापरून:

असर्टदॅट(उशिराचीकामं).हॅजसाइझ(३)

या वेळी मेसेजमध्ये अपेक्षित साइझ ३, मिळालेली २, आणि त्याखाली अख्खी यादी छापलेली असते. आलेली दोन कामं समोर दिसतात, त्यामुळे न आलेलं तिसरं कोणतं ते बघताक्षणी ओळखू येतं. असर्शन तेवढंच, एका ओळीचं. फरक इतकाच, की आपण लायब्ररीच्या हातात आकड्याऐवजी यादी दिली.

सगळ्या लेखात एकच सवय लावून घ्यायची असेल तर ती ही: असर्शनला पूर्ण वस्तू द्या आणि प्रश्न लायब्ररीला विचारू द्या. असर्टट्रूच्या कंसात तुलना लिहिली, की ती तुलना आधीच संपलेली असते आणि असर्शनपर्यंत फक्त ट्रू किंवा फॉल्स पोचतं. त्याच्यापाशी सांगण्यासारखं काही उरतच नाही.

मेसेजमध्ये कामाऐवजी क्लासचं नाव आणि पुढे ॲट चिन्ह लावून हॅशकोड दिसत असेल, तर त्या क्लासला टूस्ट्रिंग (वस्तूचं वर्णन देणारी मेथड) लिहा किंवा तो जाव्हाच्या ‘रेकॉर्ड’ प्रकारचा करा. लायब्ररी कितीही चांगली असली तरी वस्तूला स्वतःची ओळख सांगता येत नसेल तर मेसेज आंधळाच राहतो.

पायरी दुसरी: लायब्ररी निवडा

केंट बेक आणि एरिक गामा यांनी १९९७ मध्ये जेयुनिट लिहिलं, तेव्हापासून असर्टइक्वल्सची घडण तीच आहे: आधी अपेक्षित व्हॅल्यू, मग मिळालेली. टेस्टएनजी या जाव्हाच्या दुसऱ्या टेस्ट लायब्ररीत हाच क्रम उलटा आहे, आधी मिळालेली आणि मग अपेक्षित. दोन्ही वापरलेल्या माणसाच्या हातून हे हमखास उलटसुलट होतं. टेस्ट पास असेपर्यंत कोणाच्या लक्षात येत नाही, पण फेल झाली की मेसेज सरळ सरळ खोटं बोलतो आणि आपण चुकीच्या बाजूला बग शोधत बसतो.

यावर जाव्हाच्या जगात आलेलं पहिलं मोठं उत्तर म्हणजे हॅमक्रेस्ट. हे नाव ‘मॅचर्स’ या शब्दाची अक्षरं फिरवून केलेलं आहे. २००७ च्या जेयुनिट ४.४ मध्ये असर्टदॅट आलं ते हॅमक्रेस्टचे मॅचर, म्हणजे व्हॅल्यू कशी असावी ते सांगणारे तुकडे, घेऊनच. मिळालेली व्हॅल्यू पहिली, तिच्यापुढे मॅचर. मॅचर एकमेकांत गुंफता येतात, ही हॅमक्रेस्टची खरी ताकद: ‘प्रत्येक घटक असा आहे, जो अमुकपेक्षा मोठा आणि तमुकने सुरू होणारा आहे’ हे एका ओळीत मांडता येतं. अडचण अशी, की कुठला मॅचर उपलब्ध आहे हे आधी माहीत असावं लागतं. एडिटर मदतीला येत नाही.

असर्टजे तिथे बाजी मारतं. फेस्ट-असर्ट नावाच्या जुन्या लायब्ररीतून २०१३ मध्ये वेगळं झालेलं हे काम. असर्टदॅटला स्ट्रिंग दिली आणि पुढे डॉट टाइप केला, की स्ट्रिंगला विचारता येतील तेवढेच प्रश्न समोर येतात. यादी दिली तर यादीचे, तारीख दिली तर तारखेचे. कोणाला काही पाठ करावं लागत नाही. नव्याने टीममध्ये आलेल्या माणसाला मी पहिल्या दिवशी एवढंच सांगतो, की डॉट टाक आणि यादी वाच.

गूगलची ट्रुथ लायब्ररीही याच घडणीची आहे, फक्त मेथड मोजक्या आणि मेसेज आटोपशीर. जेयुनिट ५ ने स्वतःचं असर्टदॅट दिलेलंच नाही. त्याचं डॉक्युमेंटेशन थेट असर्टजे, हॅमक्रेस्ट आणि ट्रुथ यांच्याकडे बोट दाखवतं. स्प्रिंग बूट वापरत असाल तर त्याच्या टेस्ट स्टार्टरमधून असर्टजे आणि हॅमक्रेस्ट दोन्ही आलेलीच असतात, वेगळी डिपेन्डन्सी घालायला नको. पण मग एक खबरदारी घ्यावी लागते: दोघांचंही असर्टदॅट आहे आणि एडिटर कधी कधी चुकीचं इम्पोर्ट करतो. डॉटनंतर काहीच सुचवलं जात नसेल तर सगळ्यात आधी इम्पोर्ट तपासा.

इतर भाषांत निवड लवकर होते. पायथनमध्ये पायटेस्ट हे टेस्ट चालवणारं टूल असेल तर वेगळी लायब्ररी नको. पायटेस्ट टेस्टची फाइल इम्पोर्ट होताना त्यातली असर्ट विधानं स्वतः बदलून घेतं, त्यामुळे साध्या असर्टमधूनही दोन्ही बाजूंच्या व्हॅल्यू आणि त्यांतला फरक छापला जातो. मात्र हे होतं टेस्टच्या फाइल, कॉनफटेस्ट (पायटेस्टची सामायिक सेटिंगची फाइल) आणि प्लगइन यांच्यापुरतंच. सामायिक हेल्पर वेगळ्या मॉड्यूलमध्ये ठेवले तर तिथलं असर्ट फेल झाल्यावर व्हॅल्यू दिसत नाहीत. ते मॉड्यूल इम्पोर्ट होण्याआधी रजिस्टर-असर्ट-रीराइट हे फंक्शन चालवलं, की प्रश्न मिटतो.

जाव्हास्क्रिप्टमध्ये जेस्ट किंवा व्हीटेस्ट हे टेस्ट चालवणारं टूल असेल तर त्यातलं एक्स्पेक्ट पुरे. मोका हे टूल वापरत असाल तर सोबत चाय ही असर्शन लायब्ररी घ्या. चायमध्ये असर्ट, एक्स्पेक्ट आणि शुड अशा तीन शैली आहेत. तीन्हींपैकी एक ठरवा आणि तिलाच धरून राहा.

डॉटनेटवाल्यांनी लायसन्स नीट वाचावं. फ्लुएंट असर्शन्स या लायब्ररीची ८ क्रमांकाची आवृत्ती जानेवारी २०२५ मध्ये आली तेव्हापासून व्यावसायिक वापरासाठी पैसे मोजावे लागतात. आवृत्ती ७ पूर्वीसारखीच मुक्त आहे. त्या कोडमधून ऑसम असर्शन्स नावाचा फोर्क (वेगळी वाढवलेली प्रत) निघाला, आणि शुडली ही दुसरी लायब्ररी तर आधीपासून होतीच. डिपेन्डन्सी आपोआप अपडेट करणारा बॉट लावलेला असेल तर आवृत्ती बांधून ठेवा.

गो या भाषेत टेस्टिफाय ही लायब्ररी घ्या. त्याच्या असर्ट पॅकेजमधली मेथड फेल झाली तरी टेस्ट पुढे चालू राहते, रिक्वायरमधली फेल झाली की तिथेच थांबते. एरर निल आहे का हे रिक्वायरने तपासा, नाहीतर पुढच्या ओळीला निल पॉइंटरवर पॅनिक होतं आणि खरा मेसेज त्या गोंधळात बुडतो.

पायरी तिसरी: याद्या आणि ऑब्जेक्ट

बहुतेक टेस्ट इथेच घसरतात, म्हणून इथे जरा रेंगाळू या.

यादीबद्दल आपण नेमका कोणता दावा करतोय, ते आधी ठरवा. असर्टजेमध्ये कन्टेन्स म्हणजे ‘एवढे घटक आहेत, बाकी काही का असेना’. कन्टेन्सएक्झॅक्टली म्हणजे एवढेच आणि याच क्रमाने. कन्टेन्सएक्झॅक्टलीइनएनीऑर्डर म्हणजे एवढेच, पण क्रम कोणताही. कन्टेन्सओन्ली दिसायला याच्या जवळचं वाटतं, पण ते तोच घटक दोनदा आला तरी चालवून घेतं. डेटाबेसच्या जॉइनमुळे ओळी दुप्पट झाल्या तर कन्टेन्सओन्लीला पत्ताही लागणार नाही.

क्रम महत्त्वाचा नसताना कन्टेन्सएक्झॅक्टली लिहिलं, की टेस्ट कधी पास होते, कधी फेल. मग कोणीतरी ‘फ्लेकी आहे’ म्हणून तिला बंद करून टाकतं. क्रम महत्त्वाचा असताना इनएनीऑर्डर लिहिलं, तर सॉर्टिंग मोडलं तरी टेस्ट हिरवीच राहते. असर्शनमधला हा एक शब्द म्हणजे कोडबद्दलचं आपलं मत आहे. तो विचार करून निवडा.

घटक मोठे ऑब्जेक्ट असतील तर हवी तीच फील्ड काढून घ्या:

असर्टदॅट(उशिराचीकामं).एक्स्ट्रॅक्टिंग(काम::शीर्षक, काम::स्थिती).कन्टेन्सएक्झॅक्टली(टपल("बॅकअप तपासणे", बाकी), टपल("लॉग साफ करणे", बाकी))

ही ओळ एखाद्या तक्त्यासारखी वाचता येते. फेल झाली की मेसेजमध्येही याच जोड्या दिसतात, ऑब्जेक्टची बाकीची वीस फील्ड मध्ये येत नाहीत. मेथड रेफरन्सच द्या. फील्डचं नाव स्ट्रिंग म्हणून दिलं तरी चालतं, पण पुढे कोणी नाव बदललं तर कंपायलर गप्प राहतो.

दोन पूर्ण ऑब्जेक्टची तुलना करायची असेल आणि क्लासला इक्वल्स नसेल, किंवा असूनही फक्त आयडी बघणारं असेल, तर युझिंगरिकर्सिव्हकम्पॅरिझन लावा. ते एकेक फील्ड तपासत आत जातं आणि फरक सापडला की फील्डचा पूर्ण मार्ग सांगतं: ग्राहकाच्या पत्त्यातल्या शहरात फरक आहे, ही व्हॅल्यू मिळाली, ही अपेक्षित होती. तयार झाल्याची वेळ, आपोआप पडणारा आयडी अशी फील्ड इग्नोरिंगफील्ड्सने वगळा. आणखी एक गोष्ट ध्यानात असू द्या. ही तुलना दोन्ही ऑब्जेक्टचा प्रकार एकच असावा असा आग्रह धरत नाही. तो हवा असेल तर विथस्ट्रिक्टटाइपचेकिंग वेगळं सांगावं लागतं.

जेस्टमध्ये हाच प्रश्न टूबी, टूइक्वल आणि टूस्ट्रिक्टइक्वल या तिघांत विभागलाय. टूबी तोच ऑब्जेक्ट आहे का ते बघतं, टूइक्वल आतल्या व्हॅल्यू बघतं पण अनडिफाइन्ड असलेली फील्ड सोडून देतं, आणि टूस्ट्रिक्टइक्वल तीही मोजतं. एपीआयचं उत्तर तपासताना मी तिसरं वापरतो.

दशांशाचे आकडे आले की समानतेचा हट्ट सोडा. असर्टजेमध्ये इजक्लोजटू आणि त्यासोबत विदिन, पायटेस्टमध्ये अप्रॉक्स. अप्रॉक्सची सापेक्ष सूट न सांगता दशलक्षात एक इतकी असते. तुमच्या आकड्यांना ती चालते का, ते एकदा बघून घ्या. जाव्हाच्या बिगडेसिमलचा वेगळाच चटका बसतो: २.० आणि २.०० इक्वल्सला वेगळे वाटतात, कारण ते स्केलही बघतं. तिथे इजइक्वलबायकम्पेअरिंगटू वापरा.

पायरी चौथी: एक्सेप्शन

जेयुनिट ४ मधला टेस्टवरच ‘एक्स्पेक्टेड’ लिहिण्याचा प्रकार अजून कोडमध्ये दिसत असेल तर आजच काढा. तो फक्त इतकंच बघतो, की टेस्टमध्ये कुठेतरी ते एक्सेप्शन उडालं. तयारीच्या ओळीत उडालं तरी टेस्ट पास, आणि ज्या मेथडची परीक्षा घ्यायची होती तिच्यापर्यंत आपण पोचलेलोच नसतो.

असर्टजेच्या असर्टदॅटथ्रोनबायला लॅम्डा (नाव नसलेलं छोटं फंक्शन) द्या आणि त्यात एकच कॉल ठेवा. तयारी बाहेर. पुढे इजइन्स्टन्सऑफ आणि हॅजमेसेजकन्टेनिंग. पूर्ण मेसेज अक्षरशः जुळवू नका, त्यातला जो भाग वापरणाऱ्याला उपयोगी आहे तेवढा तपासा, उदाहरणार्थ चुकलेल्या फील्डचं नाव.

पायटेस्टच्या रेझेसमध्ये मॅच म्हणून दिलेली स्ट्रिंग रेग्युलर एक्स्प्रेशन असते. तिच्यातला डॉट कुठल्याही अक्षराशी जुळतो आणि कंस तर अर्थच बदलून टाकतात. मेसेज शब्दशः हवा असेल तर तो आधी एस्केप करून द्या. जेस्टमध्ये प्रॉमिस रिजेक्ट होतं का ते तपासताना एक्स्पेक्टच्या आधी अवेट लिहा किंवा ते प्रॉमिस रिटर्न करा. ते राहिलं तर असर्शन पुरं व्हायच्या आत टेस्ट संपते आणि हिरवी दिसते.

पायरी पाचवी: मुकी असर्शन्स शोधा

वाईट मेसेजपेक्षा घातक काय, तर कधीच फेल न होणारी टेस्ट. एका जुन्या कोडबेसमध्ये काम करताना मला असर्टदॅट(निकाल.इजव्हॅलिड()) अशी ओळ सापडली. पुढे काहीच नाही. इजट्रू राहून गेलं होतं. वाचताना ती ओळ इतकी स्वाभाविक वाटते, की रिव्ह्यूमध्ये नजर तिच्यावरून घसरते. त्या टेस्टच्या भरवशावर व्हॅलिडेशनचा कोड दोनदा बदलला गेला होता. ते लक्षात आलं तेव्हा माझ्या पोटात खड्डा पडला, आणि त्या दिवसापासून मी टेस्ट फेल होताना बघितल्याशिवाय पास मानत नाही.

अशा ओळी प्रत्येक लायब्ररीत वेगळ्या वेशात येतात. असर्टजेमध्ये सॉफ्टअसर्शन्स वापरून शेवटी असर्टऑल बोलावलं नाही, तर आधीची सगळी असर्शन्स वाया जातात. म्हणून असर्टसॉफ्टलीमध्ये लॅम्डा द्या, ते असर्टऑल स्वतः करतं. ऑलसॅटिस्फाय रिकाम्या यादीवर बिनबोभाट पास होतं, म्हणून त्याच्या आधी इजनॉटएम्प्टी लिहा. ॲज ने दिलेलं वर्णन असर्शनच्या आधी यावं लागतं. नंतर लिहिलं तर ते मेसेजमध्ये कधीच येत नाही.

पायथनमध्ये असर्टनंतर कंस टाकून आत अट आणि मेसेज स्वल्पविरामाने लिहिले, तर ते टपल होतं, आणि भरलेलं टपल नेहमीच खरं. पायथन वॉर्निंग देतं, ती वाचा. जेस्टमध्ये टूबीट्रुदीपुढचे कंस विसरले तर मेथड चालतच नाही. चायमध्ये ट्रू, एम्प्टी ही असर्शन्स कंसाशिवाय लिहायची असतात, त्यामुळे स्पेलिंग चुकलं तर पूर्वी टेस्ट गुपचूप पास व्हायची. चाय ४ पासून प्रॉक्सी असलेल्या वातावरणात अशा चुकीवर एरर येते.

असर्टजेच्या असर्टदॅटवर ‘परत आलेली व्हॅल्यू वापरा’ असं सांगणारी खूण आहे. स्पॉटबग्स किंवा एररप्रोनसारखं टूल ती खूण ओळखून अर्धवट ओळ पकडू शकतं. बिल्डमध्ये लावून ठेवा.

पायरी सहावी: आपल्या विषयाची भाषा

एकच पाच ओळींचा तपास तिसऱ्यांदा कॉपी करायची वेळ आली, की स्वतःचं असर्शन लिहा. असर्टजेमध्ये ॲबस्ट्रॅक्टअसर्टपासून कामअसर्ट नावाचा क्लास काढा आणि त्यात एक स्टॅटिक असर्टदॅट ठेवा. मग प्रत्येक मेथडमध्ये क्रम ठरलेला: आधी इजनॉटनल, मग अट, अट मोडली तर फेलविथमेसेज, शेवटी रिटर्न धिस. त्यानंतर टेस्टमध्ये लिहिता येतं:

असर्टदॅट(काम).मुदतउलटलीआहे().सोपवलंआहे(चाचणीगट)

सगळा जीव मेसेजमध्ये ओता. ‘काम चुकीचं आहे’ असं लिहू नका. ‘बॅकअप तपासणे या कामाची मुदत उलटलेली असायला हवी होती, पण मुदत १२ तारखेची आहे आणि टेस्टमधलं घड्याळ १० तारखेवर आहे’ असं लिहा. ही ओळ वाचून कोणाला डीबगर उघडावा लागणार नाही.

एकदाच लागणाऱ्या तपासासाठी मात्र क्लास काढू नका. तिथे सॅटिस्फाइजमध्ये लॅम्डा पुरतो. दहा टेस्टसाठी तीस असर्शन क्लास लिहिलेले प्रोजेक्ट मी पाहिले आहेत. तिथे नव्या माणसाला टेस्ट वाचण्याआधी ती खासगी भाषा शिकावी लागते.

पायरी सातवी: जुना कोड हलवणं

सगळ्या टेस्ट एका कमिटमध्ये बदलू नका. हजार फाइलचा रिव्ह्यू कोणी मनापासून करत नाही, आणि उलटसुलट झालेले अपेक्षित-मिळालेले त्यात तसेच पुढे जातात. यांत्रिक बदल ओपनरीराइट या कोड आपोआप बदलणाऱ्या टूलच्या तयार रेसिपींकडून करून घ्या, एका वेळी एक मॉड्यूल. त्यानंतर चेकस्टाइल या कोडचे नियम तपासणाऱ्या टूलमधल्या इल्लीगलइम्पोर्टने त्या मॉड्यूलमध्ये जुन्या असर्शनचं इम्पोर्ट बंद करा, म्हणजे सवयीने ते परत येणार नाही. टूल असर्टट्रूमधली प्रत्येक तुलना उलगडू शकत नाही. उरलेल्या ओळी हाताने बदला, तेही ती फाइल दुसऱ्या कामासाठी उघडाल तेव्हा.

रिव्ह्यूच्या टेम्प्लेटमध्ये एक रकाना वाढवा: ‘ही टेस्ट फेल झाल्यावर आलेला मेसेज’. लिहिणाऱ्याने कोड मोडून, आलेला मेसेज तिथे पेस्ट करायचा. दोन मिनिटांचं काम आहे, पण मुकी असर्शन्स त्याच्यातून सुटत नाहीत.

हॅमक्रेस्ट पूर्ण काढायच्या मागे लागू नका. स्प्रिंगच्या मॉकएमव्हीसी या टेस्ट टूलमध्ये जेसनपाथचा तपास हॅमक्रेस्टचे मॅचर घेतो, एपीआय तपासणारं रेस्ट-अश्युअर्डही तेच वापरतं. टीमने मेहनतीने लिहिलेले जुने मॅचर असतील तर असर्टजेच्या हॅमक्रेस्टकंडिशनमधून ते नव्या टेस्टमध्येही तसेच चालवता येतात.